कासवाचा रंग शेवटी बघा

पाऊस सुरू झाला की माझ्या व्हॉट्सॅपवर कासवांचे फोटो यायला लागतात. कुणाच्या शेतात नांगरताना निघालं, कुणाच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये रात्री चालत आलं, कुणाला रस्त्यात दिसलं आणि गाडीखाली जाईल म्हणून उचलून घरी बादलीत ठेवलं. फोटोखाली ठरलेला प्रश्न असतो, "ताई, हिरवट काळं आहे, कोणतं असेल?" फोटो एकच, तोही वरून, फ्लॅश मारून. लोक इतक्या काळजीने विचारतात की मला खरंच बरं वाटतं, पण हिरवट काळं एवढ्यावरून कासवाचं नाव सांगता येत नाही, कुणालाच येणार नाही. आणि नाव चुकलं की पुढचं सगळं चुकतं, म्हणजे जमिनीवर राहणारं कासव भल्या मनाने नदीत सोडलं जातं आणि बुडून मरतं, दुकानातून आणलेलं परदेशी कासव गावच्या तळ्यात जातं आणि तिथल्या कासवांच्या वाटणीचं खायला आणि ऊन खायची जागा घेऊन बसतं. म्हणून आज सविस्तर लिहितेय.

माझं म्हणणं सोपं आहे. रंग बघा, पण शेवटी बघा. आधी पाठीचा आकार, मग पोट, मग पाय आणि नखं, मग डोकं, आणि मग रंग आणि नक्षी.

कारण रंगाचा भरवसा नाही. कासवाची पाठ म्हणजे मुळात हाड, बरगड्या आणि मणके रुंद होऊन एकमेकांना जोडले गेलेत, आणि त्याच्यावर आपल्या नखांत असतं तसल्याच केराटिनचे खवले बसवलेले असतात. बहुतेक कासवांत मधल्या ओळीत ५ मोठे खवले, त्याच्या दोन्ही बाजूला ४-४, आणि कडेने छोट्या खवल्यांची झालर. (हे ५ आणि ४ लक्षात ठेवा, खाली समुद्री कासवांना लागणार आहे.) रंग असतो तो या खवल्यांत आणि त्यांच्या लगेच खालच्या त्वचेत. काळा तपकिरी मेलॅनिनमुळे, पिवळा लाल बराचसा कॅरोटिनॉइडसारख्या रंगद्रव्यांमुळे. आता यावर चिखल बसतो, शेवाळ धरतं, ओलं असताना पाठ काळी चमकते आणि वाळली की तीच राखाडी दिसते, पिल्लू असताना जी नक्षी असते ती म्हातारपणी पार पुसली जाते. विहिरीत वर्षानुवर्षं राहिलेल्या कासवाच्या पाठीवर इतकं शेवाळ असतं की मूळ रंग दिसतच नाही, तुम्हाला जो हिरवा दिसतो तो शेवाळाचा हिरवा.

नर मादीचंही आहेच. उत्तरेत चंबळ नदीत लाल मुकुटाचं कासव म्हणून एक जात आहे, बाटागुर कचुगा, त्याच्या नराचं डोकं विणीच्या काळात असं काही रंगतं, वर लाल, बाजूला निळसर, मानेवर लाल पट्टे, आणि मादी शेजारी बसलेली असते ती नरापेक्षा कितीतरी मोठी आणि साधी तपकिरी. कुणी नुसता रंग बघून त्या दोघांना एका जातीचं म्हणणारच नाही. आणि विणीचा काळ संपला की नरही बराचसा फिका पडतो.

रंगाने लोकांना चकवल्याचं सगळ्यात चांगलं उदाहरण २०२० सालचं. जुलैमध्ये ओडिशात बालासोर जिल्ह्यात गावकऱ्यांना अख्खं पिवळं धमक कासव सापडलं, पाठ पिवळी, मान पिवळी, डोळे गुलाबी. ऑगस्टमध्ये नेपाळच्या धनुषा जिल्ह्यात सोनेरी कासव निघालं आणि लोक विष्णूचा अवतार म्हणून दर्शनाला गेले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पश्चिम बंगालमध्ये बर्धमानला अजून एक. सोशल मीडियावर नवीन जात सापडली, पृथ्वीवरचं पहिलं सोन्याचं कासव वगैरे सुरू झालं. प्रत्यक्षात ही कासवं एकाच जातीची, आपल्या भातखाचरात, गावतळ्यात, विहिरीत सगळीकडे असणारं साधं फ्लॅपशेल कासव, शास्त्रीय नाव लिस्सेमिस पंक्टाटा. जन्मतःच गडद रंगद्रव्य नाही किंवा फार कमी आहे म्हणून पिवळी. जाणकारांनी ते ओळखलं कसं? रंग बाजूला ठेवून. पाठ खवल्यांची नाही, मऊ कातड्याची. पोट उलटं करून बघितलं तर मागच्या पायांच्या जागी कातड्याच्या दोन झडपा, पाय आत घेतले की त्या झाकणासारख्या बंद होतात. आणि प्रत्येक पायाला नखं तीनच. एवढं जुळलं की कासव पिवळं असो निळं असो, ते फ्लॅपशेलच.

आता हेच कासव घेऊन पुढे जाऊया, कारण महाराष्ट्रात तुमच्या हातात येणारं कासव बहुतेक वेळा हे किंवा काळं कासव, या दोनांपैकी एक असतं.

फ्लॅपशेलची पाठ आपल्याकडे साधारण मातकट, शेवाळी किंवा तपकिरी, ठिपके नसलेली. मोठं झालं तरी एक वीत, सव्वा वीत. पोट पांढरट, दुधाळ. हेच कासव गंगेच्या खोऱ्यात, पंजाबात, राजस्थानच्या काही भागात बघाल तर पाठभर आणि डोक्यावरही पिवळे ठिपके असतात, ती याचीच उत्तरेकडची उपजात, अँडरसोनी. त्यामुळे गुगलवर फ्लॅपशेल शोधलं की ठिपकेवाले फोटो वर येतात, आणि लोक मला म्हणतात की आमच्या कासवाला ठिपके नाहीत म्हणजे ते फ्लॅपशेल नाही. आहे हो. दक्षिणेकडचं असंच असतं. आणि समजा पुण्यात किंवा मुंबईत पिवळ्या ठिपक्यांचं फ्लॅपशेल सापडलं तर ते कुणीतरी लांबून आणलेलं असण्याची शक्यता धरायला हवी, म्हणजे इथे नक्षी कामाला येते, जात ठरवायला नाही पण कासव कुठल्या भागातलं आहे हे सांगायला. उन्हाळ्यात तळं आटलं की हे चिखलात स्वतःला गाडून घेतं आणि पाऊस पडला की बाहेर निघतं, म्हणून जूनमध्ये इतके फोन.

दुसरं काळं कासव, मेलॅनोकेलिस ट्रायजुगा. हे मात्र कडक पाठीचं, खवले स्पष्ट, आणि पाठीवर लांबीला तीन उभ्या धारा, एक मधोमध आणि दोन बाजूंना. हात फिरवला तर जाणवतात, अंधारातसुद्धा. रंग गडद तपकिरी ते काळा, लहान असताना त्या धारा जरा फिकट पिवळसर दिसतात. पोट उलटं केलं की ओळख पक्की होते, मधे सगळं काळपट तपकिरी आणि कडेने पिवळी किनार. आपल्याकडच्या कासवाच्या डोक्यावर पिवळसर जाळीदार खुणा असतात, वय वाढलं की त्या अस्पष्ट होतात. केरळात याचीच एक उपजात आहे, कोरोनाटा, तिच्या डोक्यावर मधोमध काळा भाग आणि दोन्ही बाजूंना पिवळा. हे कासव पाणथळीत राहतं पण पावसाळ्यात रात्री जमिनीवर भरपूर फिरतं, त्यामुळे कोरड्या रस्त्यावर, पाण्यापासून लांब सापडतं आणि लोकांना वाटतं हे जमिनीवरचंच. आणि घाबरलं की घाण वास सोडतं, बिचाऱ्याला कुजलेलं समजून लोक फेकून देतात.

म्हणजे बघा, दोन्ही कासवं मळकट काळी, दोन्ही विहिरीत, दोन्ही एकाच आकाराच्या आसपास, वरून काढलेल्या फोटोत चिखलाने माखलेली असली तर सारखीच. पण एकाची पाठ मऊ, दुसऱ्याची तीन धारांची कडक. एकाचं पोट पांढरट झडपांचं, दुसऱ्याचं काळं पिवळ्या किनारीचं. पोटाचा एक फोटो असेल तर दोन सेकंदात उत्तर देता येतं.

नखांचा विषय निघाला आहे तर हे इथेच सांगते, मला यावर बोलल्याशिवाय राहवत नाही. आपल्याकडे "वीस नखी कासव" नावाचं एक भूत आहे. वीस नखांचं कासव घरात आणलं की पैशांचा पाऊस पडतो, गुप्तधन सापडतं, असं सांगून मांडुळासारखाच या कासवांचाही धंदा चालतो, अधूनमधून पोलिसांनी पकडल्याच्या बातम्या येतात. आता मोजा. फ्लॅपशेल आणि सगळ्या मऊ पाठीच्या कासवांना प्रत्येक पायाला तीन नखं, एकूण १२. काळ्या कासवाला, तारा कासवाला (पाठीवर चांदण्यांची नक्षी असलेलं, त्याच्याबद्दल खाली) पुढच्या पायांना पाच पाच आणि मागच्या पायांना चार चार, एकूण १८. वीस कुठून येणार? आणि यासाठी किती कासवं पकडली जातात, नखं मोजून "नाही हे" म्हणून टाकून दिली जातात, पोत्यात, गाडीच्या डिकीत, दिवसेंदिवस पाण्याशिवाय. देवळात गाभाऱ्यासमोर दगडी कासवाला हात लावून पुढे जाणारी माणसं आपण, आणि जिवंत कासवाचं हे करतो. तुमच्या ओळखीत कुणी असल्या फंदात असेल तर त्यांना हा १२ आणि १८चा हिशोब नक्की सांगा.

आता माझ्या सगळ्यात जिव्हाळ्याचं कासव. लेथचं मऊ कासव, निलसोनिया लेथी. माझं माहेर कृष्णाकाठचं, त्यामुळे असेल कदाचित, पण हे कासव आपलं आहे, फक्त भारताच्या द्वीपकल्पातलं, कृष्णा, भीमा, गोदावरी, त्यांच्या उपनद्या, आणि त्यावरची धरणं. जगात बाकी कुठेच नाही. १८७२ साली ब्रिटिश म्युझियमच्या ग्रे नावाच्या प्राणिशास्त्रज्ञाने त्याचं शास्त्रीय वर्णन केलं आणि लेथ नावाच्या डॉक्टरांवरून नाव दिलं. आययूसीएन या जागतिक संस्थेच्या धोक्यातल्या जातींच्या यादीत आता ते क्रिटिकली एन्डेंजर्ड आहे, म्हणजे निसर्गातून नामशेष होण्याच्या एक पायरी आधी, आणि आपल्याकडे नदीकाठच्या किती जणांना ते माहीत आहे? वाघाला जी ओळख मिळाली तिचा एक अंशही याच्या वाट्याला आला नाही.

याचं पिल्लू बघण्यासारखं असतं. शेवाळी पाठ, तिची कड तव्यावरून नुकत्याच काढलेल्या धिरड्यासारखी लवलवीत, आणि पाठीवर डोळ्यांसारखे गोल, बहुतेक चार, काळसर मध्य आणि भोवती फिकट कडं. डोकं हिरवट, त्यावर डोळ्यांच्या मधून मानेकडे जाणारी काळी रेघ आणि तिला फुटलेल्या तिरक्या रेघा. नाक छोट्या नळीसारखं पुढे आलेलं, पाण्यातून तेवढंच बाहेर काढून श्वास घेतं. इतकी ठळक नक्षी असलेलं पिल्लू, आणि मोठं होता होता ते गोल फिके पडत जातात आणि शेवटी नाहीसे होतात. दोन फुटांपर्यंत वाढलेलं जुनं कासव म्हणजे नुसती सपाट शेवाळी राखाडी थाळी. पिल्लाचा फोटो आणि म्हाताऱ्याचा फोटो शेजारी ठेवले तर दोन वेगळ्या जाती वाटतील. म्हणून मासेमारांकडून "मोठं मऊ कासव होतं, काही नक्षी नव्हती" असं ऐकलं तर ते लेथचं नाही असा निष्कर्ष काढू नका.

यात अजून एक गुंता आहे. गंगेच्या खोऱ्यात याची भावंडं आहेत. मोराच्या पिसाऱ्यासारखे डोळे असलेलं निलसोनिया हुरुम, त्याच्या पिल्लाच्या पाठीवरही चार मोठे ठळक गोल. आणि गंगेचं मऊ कासव, निलसोनिया गँजेटिका, त्याच्या पाठीवर असे ठळक गोल सहसा नाहीत पण डोक्यावर बाणासारख्या काळ्या रेघा अगदी स्पष्ट. पुस्तकातला फोटो बघून कृष्णेतलं पिल्लू हुरुम म्हणणं सोपं आहे. इथे नदीचं नाव ही पण ओळखीची खूण धरायची. कोणत्या खोऱ्यात सापडलं, हे मी रंगाच्या कितीतरी आधी विचारते. आणि फ्लॅपशेलपासून वेगळं करायचं असेल तर पुन्हा पोट: याला मागे झडपा नाहीत, मागचे पाय उघडेच. मान मात्र दोघांचीही लांब, आणि ही मोठी मऊ कासवं मान फिरवून कडकडून चावतात, हात लावणाऱ्याने जपून.

कडक पाठीच्या नदीतल्या कासवांत गोदावरी, वैनगंगेकडच्या लोकांना दिसतं ते तंबू कासव, पँगशुरा टेंटोरिया. छोटं, पाठ मधोमध उंच आणि दोन्ही बाजूंना उतरती, मधल्या ओळीतला तिसरा खवला मागच्या बाजूला टोकदार झालेला. बाजूने फोटो काढला तर ते टोक लगेच दिसतं, वरून काढला तर दिसतच नाही. लाकडाच्या ओंडक्यावर, खडकावर एकाच्या अंगावर एक ऊन खात बसलेली असतात आणि तुम्ही जवळ गेलात की टपाटप पाण्यात. याच्या उपजाती मात्र खरोखर रंगाने आणि नक्षीने वेगळ्या करतात, आपल्या गोदावरी कृष्णेकडच्याचं पोट पिवळसर आणि त्यावर काळे डाग, उत्तरेकडच्या एका उपजातीच्या पाठीवर कडेच्या खवल्यांच्या वर गुलाबीसर कडं, आणि तिसरीचं पोट जवळजवळ कोरं पिवळं. म्हणजे जात आकाराने ठरली, उपजात रंगाने.

याचं सख्खं भावंड पँगशुरा टेक्टा, गंगा, सिंधू, ब्रह्मपुत्रेकडचं, आणि इथून आपण शहरातल्या सगळ्यात मोठ्या गोंधळाकडे येतो. मत्स्यालयाच्या दुकानात काचेच्या पेटीत जी छोटी हिरवी कासवं मिळतात ती बहुतेक रेड इअर्ड स्लायडर, मूळ अमेरिकेच्या मिसिसिपी खोऱ्यातली. दोन रुपयांच्या नाण्यापेक्षा जरा मोठी, चमकदार हिरवी, पिवळ्या रेघांची, डोळ्याच्या मागे लाल पट्टी. मुलांना आवडतात, घरी येतात, आणि काही वर्षांत जेवणाच्या ताटाएवढी होतात, पाणी घाण करतात, मग एका रविवारी "निसर्गात मोकळं सोडूया" म्हणून जवळच्या तलावात. जगातल्या १०० सगळ्यात वाईट आक्रमक जातींच्या यादीत याचं नाव आहे. युरोपने १९९७ सालीच आयात बंद केली. अमेरिकेत तर १९७५ पासून चार इंचांपेक्षा छोटी कासवं पाळायला म्हणून विकायला बंदी आहे, कारण मुलांना साल्मोनेला या जुलाब, ताप आणणाऱ्या जीवाणूची लागण व्हायची. आणि आपण इथे वाढदिवसाला भेट देतो.

गोंधळ असा की टेक्टालाही डोळ्यामागे लालसर खूण असते, आणि तेही छोटं असताना हिरवट. ते भारतीय, पाळणं विकणं गुन्हा, पण चोरून विकलं जातं. फरक असा बघायचा: स्लायडरची लाल पट्टी डोळ्याच्या मागून मानेकडे सरळ जाते, टेक्टाची लाल खूण चंद्रकोरीसारखी वळलेली. स्लायडरची पाठ घुमटासारखी गोलसर, टेक्टाची मधोमध धारदार आणि त्या धारेवर नारिंगी लाल पट्टा. पोट दोघांचंही पिवळं पण स्लायडरच्या प्रत्येक खवल्यावर एक एक गडद डाग, टेक्टाचं पिवळं गुलाबीसर आणि बहुतेक खवल्यांवर दोन ते चार काळे ठिपके. आणि जुना स्लायडर, विशेषतः नर, कधीकधी इतका काळा पडतो की लाल पट्टीसुद्धा शोधावी लागते, त्याच्या पुढच्या पायांची चांगलीच लांब नखं बघून ओळखायचं. तलावात सोडलेला असा काळा पडलेला स्लायडर लोक मला "काळं कासव" म्हणून पाठवतात. तीन धारा आहेत का विचारते, नाही म्हणतात, झालं.

तारा कासव मात्र रंगाने नक्षीनेच ओळखलं जातं असं सगळ्यांना वाटतं, आणि मोठ्याच्या बाबतीत ते खरंही आहे. काळ्या खवल्यावर मधे पिवळा ठिपका आणि त्यातून सगळीकडे निघालेल्या पिवळ्या रेघा, प्रत्येक खवला एक चांदणी. कोरड्या गवतात, काटेरी झुडपाखाली बसलं की ऊन सावलीच्या रेघांत त्या रेघा अशा मिसळतात की पायाशी असून दिसत नाही. पण अंड्यातून बाहेर आलेल्या पिल्लावर ही चांदणी नसते, पिवळसर पाठीवर थोडेच काळे पट्टे, काहींवर फुलपाखरासारखा आकार. खवला कडेने वाढत जातो तशी नक्षी बाहेरच्या बाजूला वाढत जाते. म्यानमारचं तारा कासव याच्यासारखंच दिसतं, पण त्याच्या खवल्यावर रेघा कमी, सहाच्या आत, आणि पोट उलटं केलं की तिथे रेघा नाहीत, गडद डाग आहेत. आपल्याच्या पोटावरही रेघा असतात.

हे कासव पूर्णपणे जमिनीवरचं. पाय हत्तीसारखे खांबांचे, बोटांत पडदा नाही, पोहता येत नाही. वायव्य भारतातला कोरडा भाग, मग आंध्र, तामिळनाडू, कर्नाटकचा काही भाग, शेजारी पाकिस्तान आणि श्रीलंका, ही त्याची घरं. मुंबई पुण्याच्या फ्लॅटमध्ये ते वास्तूसाठी, नशिबासाठी येतं. २०१९ मध्ये जिनिव्हाच्या परिषदेत ते साइटीस या वन्यजीवांच्या व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या परिशिष्ट १ मध्ये गेलं, म्हणजे आंतरराष्ट्रीय व्यापाराला बंदी. तरी येतंच आहे. आणि मग छापा पडेल या भीतीने लोक रात्री जाऊन नदीत सोडतात. कृपा करून सोडू नका. पाय बघा, पडद्याचे की खांबांचे. खांबांचे असतील तर पाण्यात नाही, म्हणजे नाहीच.

समुद्राकडे जरा धावतपळत जाते. भारताच्या समुद्रात पाच जाती. आपल्या कोकण किनाऱ्यावर अंडी घालायला येतं ते ऑलिव्ह रिडले, वेळास, आंजर्ले, गुहागर अशा किती जागा, वेळासला चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने २००२ पासून घरटी राखायला सुरुवात केली आणि २००६ पासून कासव महोत्सव. पावसाळ्यात किनाऱ्यावर जखमी, जाळ्यात पाय कापलेली कासवं वाहून येतात तेव्हा ओळख लागते, आणि इथे खवले मोजणं हाच राजमार्ग. मघाचे ५ आणि ४ आठवतात ना? मधल्या ओळीच्या बाजूला किती खवले आहेत ते मोजा. प्रत्येक बाजूला ४ असतील तर ग्रीन किंवा हॉक्सबिल. ५ आणि पाठ लालसर तपकिरी, डोकं मोठं, तर लॉगरहेड. ५ ते ९ पर्यंत कितीही, बहुतेक ६ किंवा जास्त आणि डावी उजवी बाजू जुळतेच असं नाही, तर ऑलिव्ह रिडले. खवलेच नाहीत, काळी चामड्यासारखी पाठ, पांढरे शिंतोडे आणि लांबीला सात धारा, तर लेदरबॅक, त्यात शंकेला जागाच नाही. ग्रीन आणि हॉक्सबिलमध्ये अडलात तर डोळ्यांच्या मधे कपाळावर बघा, ग्रीनला खवल्यांची एक जोडी, हॉक्सबिलला दोन. हॉक्सबिलच्या पाठीचे खवले कौलांसारखे एकावर एक चढलेले आणि मधाच्या रंगाचे, गडद रेघांचे, ज्या सौंदर्यासाठी शेकडो वर्षं त्यांना मारून कंगवे आणि डब्या बनवल्या. ग्रीनची पाठ हिरवी असेल असं गृहीत धरू नका, तपकिरी, शेवाळी, काळपट, काहीही असते. ऑलिव्ह रिडलेची पिल्लं तर जवळजवळ काळी. आणि ग्रीनचं पिल्लूही वरून काळंच पण त्याला कडेने पांढरी किनार आणि पोट पांढरं.

आता फोटो कसे काढायचे ते. वरून एक, बाजूने एक, पोटाचा एक, डोक्याचा बाजूने एक, आणि जमलं तर मागच्या पायाचा जवळून. पाठीवर आधी थोडं पाणी ओतून चिखल जाऊ द्या, पण ब्रशने खरवडू नका. पोटाचा फोटो काढायला कासव उलटं करून जमिनीवर सोडू नका, दोन्ही हातांनी कडेने धरून थोडं तिरकं करा, दुसऱ्या कुणाला फोटो काढू द्या, आणि लगेच सरळ करा. शेपटीला धरून उचलू नका. शेजारी एखादी पट्टी नाहीतर पेन ठेवा म्हणजे आकार कळतो. फ्लॅशपेक्षा सावलीतला दिवसाचा उजेड चांगला, फ्लॅशमध्ये ओली पाठ आरशासारखी चमकते आणि नक्षी दिसत नाही. आणि कासव घरी नेऊ नका, आपल्याकडच्या कासवांना १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे, प्रेमाने ठेवलं तरी तो गुन्हाच. जखमी असेल, दुकानातून आणलेलं असेल, कुठून आलं कळत नसेल तर वनविभागाच्या १९२६ या नंबरवर फोन करा. आणि धडधाकट असून रस्ता ओलांडत असेल तर ज्या दिशेने चाललं होतं त्याच बाजूला उचलून ठेवा, बस.

एक विनंती मात्र करायची आहे. तुमच्यापैकी कुणी कृष्णा, भीमा, नीरा, गोदावरी, प्रवरा, मांजरा यांच्या काठी राहत असाल, किंवा घरात, पाहुण्यांत कुणी मासेमारी करत असेल, आणि कधी पाठीवर चार गोल डोळे असलेलं मऊ पाठीचं छोटं कासव दिसलं असेल, तर जुना फोटो असला तरी चालेल, मला पाठवा. सोबत नदी, तालुका आणि महिना लिहा. नेमकी जागा आणि डोह मात्र फेसबुकवर किंवा ग्रुपवर टाकू नका, मलाच वेगळा मेसेज करा, कारण असल्या पोस्ट पकडणारेही वाचतात. फोटो नसेल आणि नुसतं आजोबांनी सांगितलेलं आठवत असेल तरी लिहा, कुठल्या डोहात असायची, कधीपासून दिसेनाशी झाली, मी सगळं वहीत उतरवून ठेवतेय.